मानाच्या जोडीचा कासरा

माजलगावच्या धरणाच्या वरच्या अंगाला एका गावात मी नऊ वर्षं जनावरांच्या सरकारी दवाखान्यात आहे. गावाचं नाव सांगत नाही, कारण मला अजून तिथंच नोकरी करायची आहे. माझं कागदावरचं पद लांबलचक आहे, पण गाव मला डॉक्टर म्हणतं आणि मीही कधी दुरुस्ती केलेली नाही. माझी जात गावानं पहिल्या आठवड्यातच हुडकून काढली. आडनावावरून पत्ता लागेना तेव्हा मामाचं गाव विचारलं, मग कुलदैवत विचारलं, आणि मग पाटलांच्या ओसरीवर मला चांगल्या कपात चहा आला. त्या कपानं माझी जीभ किती बांधून टाकली, ते मला छबुबाईमुळं कळलं.

छबुबाई पन्नाशीची. उंच, हाडापेरानं मजबूत, डाव्या हाताची करंगळी कोयत्यानं अर्धी गेलेली. गावाच्या उगवतीला मातंगांची पंचवीसेक घरं आहेत. तिथं आता लहुजीनगर अशी पाटी लागली आहे, पण गावात कुणी लहुजीनगरला चाललो म्हणत नाही. जुना शब्द ओठांवर येतो, तो गिळतात आणि 'खालतीकडं' म्हणतात. एवढी सुधारणा आमच्याकडं झालेली आहे, ती नाकारण्यात अर्थ नाही.

दिवाळी झाली की छबुबाई ऊसतोडीला जाते. तोडीत नवराबायकोच्या जोडीला मिळून एक कोयता म्हणतात. चार वर्षांपूर्वी तिचा नवरा अभिमन्यू काविळीनं गेला आणि ती अर्धा कोयता झाली. अर्ध्या कोयत्याला टोळीत कुणी घेत नाही. पण तिच्याकडं बैल होते. तिनं धाकट्या बहिणीला, मंगलला, जोडीला घेतलं आणि उसानं भरलेली गाडी स्वतः हाकत कारखान्यावर न्यायला लागली. पहिल्या हंगामात गडीमाणसं तिच्याकडं बघून हसायची. दुसऱ्या हंगामात चढावर गाडी अडली की तिच्या बैलांना बोलवायला यायची.

ते बैल म्हणजे हौशा आणि बाळ्या. लालकंधारी, एकाच रंगाचे, एकाच उंचीचे, शिंगं अशी की एकाचं बघून दुसऱ्याचं बेतलं असावं. मी रोज जनावरं बघतो आणि जनावरांचा मला कंटाळाही येतो, पण या जोडीला इंजेक्शन द्यायचं तर मीसुद्धा आधी दोन मिनिटं नुसता बघत राहायचो. ती त्यांना कधी चाबूक दाखवत नसे. जीभ टाळूला लावून टक् टक् असा आवाज काढायची, की बैल चालायचे. अभिमन्यूही तसंच करायचा.

आता पाटलांकडं येऊ. म्हातारे राधाकिशन पाटील चौऱ्याऐंशीचे, गुडघ्यांनी अधू. त्यांचा मुलगा अमरसिंह चाळिशीचा, कारखान्याच्या राजकारणात मुरलेला, दारात दोन ट्रॅक्टर. माणूस राक्षस नाही, हे आधीच सांगतो. अभिमन्यू आजारी पडला तेव्हा यानंच आपल्या गाडीतून त्याला बीडला नेलं होतं. फक्त त्याचे उपकारसुद्धा आपल्या जागेवर बसून केलेले असायचे.

पोळ्याला गावात मानाची जोडी पाटलांची. वेशीच्या कमानीला तोरण बांधतात, त्याखालून पहिली पाटलांची जोडी जाते, बैलाच्या शिंगानं तोरण तुटतं, आणि मग बाकीचे बैल. तोरण तुटेपर्यंत मान, नंतर सगळे सारखे. पण ट्रॅक्टर आले आणि पाटलांनी सहा वर्षांपूर्वी बैल विकून टाकले. मान काही विकता येत नव्हता. अख्ख्या गावात उरल्या अकरा जोड्या, आणि त्यात मिरवण्यासारखी एकच, खालतीकडची.

मग असं सुरू झालं की पोळ्याला पाटलांचा गडी छबुबाईच्या दारातून बैल सोडून न्यायचा. तिनं पहाटेच ओढ्यावर धुतलेले बैल पाटलांच्या अंगणात पुन्हा धुतले जायचे. त्यांच्यावर पाटलांची रेशमी झूल चढायची आणि अमरसिंह फेटा बांधून कासरा धरायचा. मागून अभिमन्यू चालायचा, आणि तो गेल्यावर छबुबाई, हातात शेणाची पाटी घेऊन. गावाला वाटायचं ती शेण उचलायला आहे. बैल तिच्या टक् टक् वर चालताहेत, हे मला दुसऱ्या वर्षी कळलं आणि मी ते कुणालाही सांगितलं नाही.

तोरणाचा दोरही तिचाच. केकताड, म्हणजे घायपात, भिजवायचं, बडवायचं, त्याचा वाख काढून मांडीवर पीळ घालायचा, हे काम तिच्या सासऱ्यापासून त्या घरात. तोरणाच्या दोरात बरोबर मधोमध वीतभर जागा ती कच्ची ठेवायची, शिंग लागलं की दोर तिथंच तुटावा म्हणून. वरून आंब्याची पानं असल्यामुळं ती जागा दिसत नसे.

भांडण माझ्यामुळं लागलं. गेल्या वर्षीच्या पोळ्यानंतर अमरसिंहानं चौकात मोठा फ्लेक्स लावला. त्यावर तो स्वतः आणि शेजारी हौशा-बाळ्या. छबुबाईला वाचता येत नाही. ती बराच वेळ फ्लेक्सकडं बघत उभी होती, मी तिथून चाललो होतो, आणि माझ्यातला शहाणा जागा झाला. मी वाचून दाखवलं, की पाटलांची मानाची जोडी, राजा आणि प्रधान.

"कोण राजा?" तिनं विचारलं.

मी म्हणालो, बहुतेक हौशा.  बैल वर्षातून एक दिवस नेत होते ते तिनं चालवून घेतलं होतं. नावं नेलेली तिला चालली नाहीत.

ती वर्षभर गप्प राहिली. यंदा पोळा दहा दिवसांवर आला आणि मारुतीच्या पारावर बैठक बसली, तेव्हा ती पारापासून चार हात लांब येऊन उभी राहिली. मी पारावर होतो, अमरसिंहाच्या शेजारी. तिनं पदर नीट केला आणि सांगितलं की बैल खुशाल न्या, झूल तुमची घाला, पण कासरा मी धरीन.

आमच्याकडं आता जात तोंडानं काढत नाहीत. कायदा आहे, प्रत्येकाच्या खिशात मोबाईल आहे, कोण कधी रेकॉर्ड करील याचा नेम नाही. त्यामुळं अमरसिंहानं ती काढली नाही. तो हसला आणि म्हणाला, "छबे, पोळ्यात बाईनं कासरा धरलेला आमच्या बापजाद्यात कुणी बघितला न्हाई."

"बापजाद्यात दुसऱ्याचे बैल बी कुणी मिरवले न्हाईत, मालक," छबुबाई म्हणाली.

 मला हसू येत होतं आणि मी ते खोकल्यात घालवलं. अमरसिंहाचा चेहरा काळवंडला, पण तो रागानं एक शब्द बोलला नाही. त्याला गरजच नव्हती.

दुसऱ्या दिवशी पिठाच्या गिरणीचा पट्टा तुटला, आणि तो फक्त छबुबाईची ज्वारी आली की तुटलेला असायचा. गावातल्या हौदावर बैल घेऊन ती आली की कुणीतरी येऊन पाण्याची तोटी बंद करायचं. माजलगावला जाणारी जीप तिला बघून भरून जायची. तिला कुणी नाही म्हणत नव्हतं. नाही म्हटलं असतं तर तक्रार तरी करता आली असती. तिच्याच वस्तीतले लोक तिच्या दारात येऊन बसायला लागले आणि तिला सांगायला लागले की बाई, दोन तासांचा मान, आणि सहा महिन्यांचं पोट, काय धरायचं ते तूच बघ.

पोट म्हणजे काय, ते चार दिवसांत कळलं. टोळीचा मुकादम पाटलांच्या जवळचा. त्यानं निरोप धाडला की यंदा गाड्या कमी लागणार आहेत, यादीत तुझं नाव बसत नाही. छबुबाईला जमीन नाही. हंगाम गेला तर बैल विकावे लागणार, आणि आजकाल बाजारात बैल कोण कशासाठी घेतं, हे तिला मी सांगायची गरज नव्हती.

मला त्या दिवसांत तिच्या दारावरून जायची भीती वाटत होती. एकदा अमरसिंहानं मला चहाला बोलावून विचारलं की डॉक्टर, बैल मालकाशिवाय चालतात का. टक् टक् मला माहीत होतं. मी म्हणालो, "चालतात की. जनावराला काय कळतं." आणि चांगल्या कपातला चहा पिऊन निघालो.

पोळ्याच्या दोन दिवस आधी छबुबाई नमली. पाटलांच्या दारात जाऊन म्हणाली की बैल न्या, यादीत नाव राहू द्या. अमरसिंहानं मोठ्या मनानं होकार दिला. पण दोन गोष्टी त्यानं जास्तीच्या सांगितल्या. यंदा मागं पाटी घेऊन यायचं नाही. आणि तोरणाचा दोर तुझा नको. त्यानं माजलगावहून नायलॉनची दोरी आणि प्लास्टिकची पानं आणली होती.

ती तिथून सरळ माझ्या दवाखान्यात आली. बाहेर ऊन तापलं होतं, ती घामानं भिजली होती आणि पहिल्यांदाच मला घाबरलेली दिसली.

"डॉक्टर, नायलॉन तुटत न्हाई," ती म्हणाली. "मी सांगाया गेलते तर हसले. शिंगात आडकंल. हौशा बुजला तर कुणाला ऐकायचा न्हाई. तुमचं ऐकतेत मालक. तेवढं सांगा."

मी सांगतो म्हणालो. संध्याकाळी पाटलांकडं गेलोही. तिथं पाचसहा जण बसले होते, विषय छबुबाईचाच चालला होता, तिला कशी ताळ्यावर आणली त्याचा. मी तोंड उघडलं असतं तर तिची बाजू घेतल्यासारखं दिसलं असतं. मी बैलांच्या खुरांना काय लावावं यावर अर्धा तास बोललो आणि परत आलो. हे मी लाज वाटते म्हणून लिहितो आहे, हे लपवत नाही.

पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळणी असते. बैलांच्या खांद्यांना हळद आणि लोणी चोळतात आणि त्यांच्या कानात आवतण देतात की आज आवतण घ्या, उद्या जेवायला या. मी रस्त्यावरून बघितलं, ती हौशाच्या कानाशी फार वेळ बोलत होती.

पोळ्याच्या दिवशी चारच्या सुमाराला वेशीपाशी गाव जमलं. कमानीच्या आतल्या बाजूला प्लास्टिकच्या खुर्चीत राधाकिशन पाटील बसले होते, मांडीवर पूजेचं ताट. रिवाज असा की तोरणाखालून जोडी आली की म्हाताऱ्यानं बैलांना कुंकू लावायचं आणि मग ज्याच्या हातात कासरा त्याच्या कपाळाला लावायचं. कमानीच्या बाहेर खालतीकडच्या बाया एका बाजूला उभ्या होत्या. त्यांच्यात छबुबाई, हात मोकळे. हलगीवाले तिच्याच भावकीतले. मी माझी बॅग घेऊन कमानीच्या खांबाला टेकलो होतो. वर बघितलं तर पिवळी नायलॉनची दोरी दोन्ही कड्यांना करकचून बांधलेली.

बैल आले. पाठीवर झूल, डोक्याला बाशिंग, शिंगांना हिंगूळ आणि टोकांवर पितळी शेंब्या. अमरसिंह पांढऱ्या कपड्यांत पुढं. मला पहिल्याच नजरेत कळलं की बैल चालत नाहीत, ओढले जाताहेत. हौशा मान वळवून गर्दीत शोधत होता. मागून दोन गडी काठ्या टोचत होते.

तोरणापाशी हौशानं मान वर केली आणि शेंबीच्या खाली दोरी बसली. लोकांनी आरोळी ठोकली. दोरी तुटली नाही. हौशानं हिसका दिला, दोरी दुसऱ्या शिंगालाही गुंडाळली गेली आणि प्लास्टिकची पानं त्याच्या डोळ्यांवर आली. तो मागच्या पायांवर उठला. बाळ्या त्याच्याभोवती गरकन फिरला, एक गडी खाली पडला, हलग्या थांबल्या. अमरसिंहानं दोनदा कासरा ओढला. तिसऱ्यांदा हौशाचं शिंग त्याच्या फेट्याला लागलं आणि त्यानं कासरा टाकला. टाकला आणि बाजूला उडी मारली. मीही खांबाच्या मागं झालो, त्याला काय बोलू.

समोर चार पावलांवर खुर्चीत म्हातारा होता. त्याला उठता येत नव्हतं. त्यानं ताट छातीशी धरलं होतं.

त्या वेळी टक् टक् ऐकू आलं. छबुबाई कधी पुढं आली ते मी बघितलंच नाही. ती बैलांच्या मधोमध शिरली, हौशाच्या डोळ्यांवर तिनं पदर टाकला आणि वेसणीत बोट घालून त्याचं तोंड आपल्या खांद्यावर ओढून घेतलं. त्याच्या कानाशी ती काहीतरी पुटपुटत होती. तो सगळा थरथरत होता, पण पाय खाली आले. तिनं मान न वळवता हाक मारली, "डॉक्टर, कापा की. कावून उभे ऱ्हायले?"

मी टाके घालायची कात्री काढली आणि हात वर करून दोरी कापली.  दोरी सुटली, पानं खाली पडली.

छबुबाईनं पदर काढून घेतला. खाली पडलेला कासरा उचलला. मागं फिरायला जागा नव्हती, मागं दहा जोड्या आणि सगळं गाव. ती पुढं चालली. टक् टक्, टक् टक्. हौशा आणि बाळ्या तिच्या दोन्ही बाजूंनी, कमानीखालून, एकेक पाऊल टाकत म्हाताऱ्यापर्यंत गेले आणि थांबले. एवढी माणसं असून बैलांच्या घागरमाळा तेवढ्या वाजत होत्या.

राधाकिशन पाटलांनी हौशाला कुंकू लावलं. बाळ्याला लावलं. अंगठा पुन्हा कुंकवात बुडवला आणि वर नेला. छबुबाई त्यांच्यासमोर उभी होती, घामेजलेली, कपाळ मोकळं. अंगठा तिच्या कपाळापासून हातभर अंतरावर थांबला. मला वाटलं आता लावतील. देवाशपथ मला वाटलं. म्हाताऱ्याचे डोळे भरलेले होते, कारण आपण कुणामुळं जिवंत आहोत हे त्याला दिसत होतं. मग त्यांनी तिच्या मागं उभ्या असलेल्या गावाकडं बघितलं. अंगठा खाली आला आणि त्यांनी तो धोतराला पुसला.

"अमर," ते म्हणाले, "कासरा घे."

अमरसिंह पुढं आला. फेटा सुटून खांद्यावर आला होता. छबुबाईनं एक क्षण त्याच्याकडं बघितलं आणि कासरा पुढं केला. भांडली नाही, रडली नाही.

"घ्या मालक," ती म्हणाली. "तोरण तर तुटलं. आता कुणी बी धरा."

तिचा आवाज मोठा नव्हता, पण सगळ्यांना ऐकू गेलं. अमरसिंहाच्या हातात कासरा होता आणि आता त्या कासऱ्यात काहीच नव्हतं. ते त्यालाही कळलं. तो मारुतीच्या देवळापर्यंत खाली मान घालून गेला.

त्या संध्याकाळीच सगळ्यांच्या मोबाईलवर व्हिडिओ फिरला. शिंग तोरणाला लागतं, आरोळी होते, आणि लगेच देवळापाशी अमरसिंह जोडी घेऊन उभा. मधलं सगळं काढून टाकलेलं. ज्यांनी ते डोळ्यांनी बघितलं होतं, तेसुद्धा तो व्हिडिओ एकमेकांना पाठवत होते. मीही पाहिला, आणि पुढं पाठवला नाही, एवढीच माझी मर्दुमकी. आठवड्यात मुकादमाच्या यादीतून छबुबाईचं नाव पुन्हा गळालं. ती पायी आणि मिळेल त्या गाडीनं चकलांब्यापर्यंत जाऊन आली आणि तिथल्या एका मुकादमाकडं तिनं स्वतःचा आणि मंगलचा कोयता लावून घेतला.

दसऱ्यानंतर ती दवाखान्यात आली. जिल्ह्याबाहेर जायचं तर बैलांच्या कानातल्या बिल्ल्याचा दाखला लागतो. त्या दिवशी बाहेरच्या बाकावर गर्दी होती. अमरसिंह आपली म्हैस घेऊन आला होता आणि दारालगत बसला होता. आत मी आणि छबुबाई. मी आवाज खाली घेऊन तिला सांगून टाकलं की त्या दिवशी मी नायलॉनचं पाटलांना सांगितलंच नव्हतं.

"ठावं हाय," ती म्हणाली. "सांगितलं आस्तं तर हौशाचं शिंग सोललं नसतं."

 मी दाखला लिहून शिक्का मारला आणि तिच्यापुढं सरकवला. तिनं तो उचलला नाही.

"वाचा," ती म्हणाली.

मी हळू वाचायला लागलो. तिनं मला थांबवलं.

"फलक वाचून दाखिवला तवा कसा खणखणीत वाचलाता. तसं वाचा. भाईर लोक बसलेत."

दार उघडं होतं. अमरसिंहाचा गुडघा मला दिसत होता आणि बाहेरचं बोलणं थांबलं होतं. माझी बदली, माझा चहा, पाटलांची ओसरी, सगळं एका क्षणात डोक्यातून गेलं.  मी उभा राहिलो आणि वाचलं, "बैल दोन, लालकंधारी. नावं हौशा आणि बाळ्या. मालक छबुबाई अभिमन्यू उफाडे."

 छबुबाईनं दाखल्याची घडी केली, कनवटीला खोचली आणि उठताना म्हणाली की मालकाचं तेवढं परत एकदा वाचा.

मी परत वाचलं.